आडाची उत्तर बाजू

गजराबाईनं आड बाटवला, असं अजून म्हणतात गावात. म्हणू द्या. तोंड हाय त्येंला, आन तोंडाला पाणी बी हाय, ते कुणामुळं हाय ते मातर कुणी म्हणत न्हाय. मी आता सत्तरीला टेकले. दात गेले पण जीब हाय अजून, म्हणून जे झालं ते सांगते. मधी बोलू नका, मला राग येतो.

निजामाचं राज मोडायच्या दोन वर्सं आदीची गोष्ट. आमचं गाव तामलवाडीपासनं दीड कोस, माळावर. गावाच्या मधोमध एक आड. हीर न्हवं, आड. पायऱ्या न्हाईत, उतरायला वाट न्हाय, नुसतं उभं भोक, दगडानं बांधलेलं, पंचवीस हात खोल, खाली तर एक माणूस कसाबसा मावंल इतकं निमुळतं. समद्या गावाला प्यायचं पाणी तितलं. समद्या म्हंजी आमाला सोडून. आमी मांग. म्हारवाड्याची येगळी हीर व्हती नाल्याच्या पल्याड, तिथं बी आमाला थारा न्हवता. आड मराठ्याचा, वाण्याचा, आन समद्यात जास्त महांतप्पा पाटलाचा. पाटील लिंगायत. गळ्यात लिंग, कपाळाला विभूतीची तीन बोटं. वर निजाम आन खाली मी, असा चालायचा. त्येंच्या बसवण्णानं म्हणं समदी माणसं सारखी सांगितली. सांगितली असतील. आडापाशी कुणाला त्येची याद आलेली म्या बघितली न्हाय.

आमचं काम दोर वळायचं. अंबाडी भिजवायची, सोलायची, वाख काढायचा, मांडीवर पीळ द्यायचा. दावं, कासरा, मोटंचा नाडा, समदं आमच्या हातचं. आडाचा दोर बी आमचाच. दर पाडव्याला नवा दोर पाटलाच्या ओसरीखाली नेऊन ठिवायचा. माझ्या मांडीवर वळलेला, माझ्या घामानं भिजलेला दोर, त्येच्यावर गोमूत्राचे चार थेंब शिंपडले की झाला चोख, आन गेला आडात. आमी मातर कट्ट्याला बोट लावायचं न्हाय. आमच्यावर शिंपडायला गोमूत्र पुरत न्हवतं वाटतं गावाला.

आमची जागा आडाजवळच्या लिंबाखाली. तितं एक चौकोनी दगड व्हता. त्येच्यावर घागर ठिवायची, चार पावलं मागं सरायचं आन उभं ऱ्हायचं. कुणा बाईच्या मनात आलं, तर ती येऊन वरनं पाणी वतायची. शितोडा उडाला की शिव्या आमाला. मनात न्हाय आलं तर रिकामी घागर घिऊन नाल्यातल्या झिऱ्यावर जायचं, जितं पाटलाच्या म्हशी बसायच्या.

माझी लाडी पाच वर्साची व्हती. आदल्या उन्हाळ्यात पटकीची साथ आली. झिऱ्याचं पाणी पिऊन पोरगीला जुलाब लागले, वांत्या लागल्या. पाणी पाणी करायली. मी घागर घिऊन दगडापाशी पळाले. कट्ट्यावर पार्वतम्मा व्हती, पाटलाची बायकू. म्या म्हणलं, "आक्का, पोरगी लई आजारी हाय, वाइच वता." ती म्हणली, "थांब गं, आमचं भरू दे आदी." मग त्येंच्या पितळी घागरी भरल्या, मग हंडे भरले, मग धुण्याचं, मग वासराचं. ऊन डोक्यावर आलं तवा कुठं माझ्या घागरीत धार पडली. घरी आले तर लाडी गप पडली व्हती. व्हट सुकून पांढरे झालेले. म्या ते पाणी तिच्या अंगावरनं घातलं, दुसरं काय करणार. मी रडले न्हाय तवा. इतका राग आला व्हता की रडायला जागाच न्हवती.

आता गाळाचं ऐका, म्हंजी पुढचं कळंल. तीन-चार वर्सांनी आडात गाळ साठायचा, झरे बुजायचे, पाणी आटायचं. मग गाळ काढायचा. कोण काढणार? मांग. तवा आड बाटत न्हवता बरं का. कोरडा आड म्हंजी नुसतं भोक, त्येला कसला बाट. खालच्यानं गाळ उपसायचा, झरा लागला की "लागला" म्हणून वरडायचं, आन लगोलग वर यायचं. झऱ्याला तोंड लावायचं न्हाय, पैलं पाणी देवाचं. तो वर आला की जंगम यायचा, आडात विभूती टाकायचा, बेल टाकायचा, नारळ फोडायचा. त्येच्यानंतर मांगानं कट्ट्याला शिवलं तर फटके. मजुरी म्हणून एक नारळ आन पाटलाचं जुनं धोतर. माझ्या सासऱ्यानं तेच केलं, त्येच्या बापानं तेच केलं.

त्या वैशाखात आड ठणठणीत कोरडा पडला. मळ्यातल्या हिरी तळाला गेल्या, त्येंचं पाणी बी चिखलाचं. घराघरातले रांजण पालथे पडले. तिसऱ्या दिवशी पाटील सोता मांगवाड्याच्या तोंडाशी आला, नाकाला उपरण्याचा शेव लावून.

"दगड्या, उद्या गाळ काढ."

दगड्या म्हंजी आमचे मालक, दगडोबा. नवऱ्याचं नाव घेऊ नये म्हणतात, पण ते गेले आता, घेते. नाव दगडोबा आन पाटलापुढं उभं केलं की लोण्याचा गोळा. "व्हय जी, काढतो जी." आता आडात उतरणार कोण? खालची जागा निमुळती, हे अंगानं दांडगे. दर टायमाला माझा दीर उत्तरेश्वर उतरायचा, पर तो सोलापूरच्या गिरणीत लागला व्हता. ह्येनी माझ्याकडं बघितलं. पाटलानं बी बघितलं.

"ही उतरंल का?"

"उतरंल जी," हे म्हणले. मला कुणी इचारलं न्हाय. इचारलं असतं तरी मी व्हयच म्हणले असते, कारण माझ्या मनात एक गोष्ट बसली व्हती. त्या दिसभर म्या नवा दोर वळला. तीन पेडाचा, मनगटाएवढा. हे म्हणले, "एवढा जाड कशाला गं?" म्या म्हणलं, "मला जगायचं हाय."

सकाळी सूर्य उगवायला उतरले. कमरंला दोर, डोक्याला फडकं. वर हे आन मांगवाड्यातली चार माणसं दोर धरून. एक फावडं, एक पाटी. गाळ भरायचा, हाक मारायची, ते पाटी वर वढायचे. काय काय निघालं त्या गाळात. बायांच्या बांगड्या, एक फुलपात्र, कुणाचं तरी चांदीचं जोडवं. कंबर मोडली, नखं फाटली. न्याहारीची येळ टळून गेली तवा फावडं एका कपारीत गेलं आन पायाला गार लागलं.

झरा लागला. चांगला बोटभर धार.

मी वरडले न्हाय लगेच. ओंजळ धरली आन प्याले. पैल्यांदा त्या आडाचं पाणी म्या माझ्या हातानं प्याले. गोड व्हतं, बाबांनो. ते गोड व्हतं म्हणूनच मला जास्त संताप आला. दोन ओंजळी प्याले, तिसरी लाडीच्या नावानं भुईवर सोडली, मग कमरंचा दोर सोडला आन वरडले, "लागला."

वर गलका झाला. जंगमाला हाक गेली. हे वाकून म्हणले, "गजरे, बांध दोर, ये वर."

"न्हाय येत."

"काय म्हणली?"

"पाटलाला बोलवा."

वरच्या उजेडाच्या तुकड्यात पाटलाचं पागोटं दिसलं. म्या आवाज चढवून म्हणलं, "पाटील, ह्या कट्ट्याची उत्तरेची बाजू मांगवाड्याला द्या. आमच्या घागरी आमच्या हातानं भरू द्या. तसं बोला, मी वर येते. तुमची दक्षिणेची बाजू तुमाला ऱ्हाऊ द्या."

मग जे सुरू झालं ते तुमच्या कानावर घालण्याजोगं न्हाय. माझी आई काढली, बाप काढला. पाटील सावकाश म्हणला, "लई माज आला गं तुला. दोर वढा रे वर. बस म्हणावं तितंच."

आन दोर वर गेला.

तितंच गाव फसलं बगा. त्येंला वाटलं, मांगाच्या बाईला कोंडली. पर मी आडात हाय तवर त्यो आड त्येंच्या लेखी गटार. झरा फुटला, पाणी भरायलं, आन त्या पाण्यात मी उभी. घागर सोडणार कोण? विभूती टाकणार कोण? तीन दिस तहानलेलं गाव काठावर उभं, खाली पाण्याचा आवाज येतोय, आन एकाला घोट घेता येत न्हाय. त्येंच्याच नियमानं त्येंचे हात बांधले. म्या फकस्त उभं ऱ्हायचं व्हतं.

हे त्येंच्या ध्यानात यायला दुपार झाली. बाया घागरी घिऊन यायच्या आन माघारी जायच्या. पार्वतम्माचा आवाज मला बराबर कळायचा. "काढा त्या रांडंला भाईर," म्हणायली. कुणी तरी ढेकूळ फेकलं, माझ्या खांद्यावर फुटलं. मागनं एक दगड आला, तो कपारीला लागला.

म्या वर तोंड करून म्हणलं, "मारा. मेले तर हितंच सडंन. मग प्या तुमी."

दगड थांबले. वर रेवणसिद्ध स्वामी व्हते, त्येंचे जंगम. ते पाटलाला कानडीत कायतरी म्हणले. मला सीमंकडची कानडी कळते थोडी. मढं पडलेल्या आडाला कसलीच शुद्धी न्हाय, असं म्हणले. मग पाटलाचा आवाज बदलला. पैलं शिव्या देत व्हता, आता दम द्यायला लागला.

"मांगवाडा पेटवीन, गजरे."

"पेटवा. इझवायला पाणी कुठलं आणाल?"

"पोलीस अमीनाला बोलवून तुझ्या नवऱ्याला कोठडीत सडवीन."

"बोलवा. अमीन तुळजापुरास्नं यायला उद्याचा दिस उजाडंल. तवर काय प्याल?"

मग त्येनी ह्येंना मारायला घेतलं. मला दिसत न्हवतं, पर काठीचा आवाज ऐकू यायचा, आन ह्येंचा कण्हण्याचा. "सांग तिला वर यायला. सांग." तेवढ्यानं मी ढिली झाले, खोटं कशाला बोलू. पाणी तवा मांड्यांपर्यंत आलं व्हतं. वर वैशाखाचं ऊन आन खाली माझे दात वाजायले. म्या दगडाच्या खोबणीत बोटं घातली आन डोळे मिटले. मला वाटलं आता हे हाक मारणार, ये म्हणून, आन मला जावं लागणार. ह्येंच्याकडनं दुसरं काय व्हणार, पाटलापुढं मान वर केलेला माणूस न्हवता तो.

पाटील म्हणला, "दगड्या, तुझा एक माणूस सोड खाली. कवळ्यात धरून वर आण तिला."

मग ह्येंचा आवाज आला. फुटक्या व्हटानं बोलत व्हते, तरी शांत.

"मालक, दोर कच्चा हाय. एक माणूस पेलतो, दोन न्हाय. ती काय गप बांधून घेणार न्हाय, धरूनच आणावी लागंल. तुटला तर दोन मढी पडतील आडात."

म्या डोळे उघडले. दोर कच्चा? तीन पेडाचा, मनगटाएवढा, दोन बैल टांगले असते त्येला. ह्येनी तर सोता पीळ तपासला व्हता.

पाटील म्हणला, "बघू." दोर हातात घेतला असंल, ताणला असंल. दोरातलं पाटलाला काय कळतंय? "मळ्यातला मोटंचा नाडा आणा," म्हणला. नाडा आणला. ह्येनी त्यो बी बघितला आन म्हणले, "ह्यो बी आतनं झिजलाय, मालक. म्याच वळलाय, मला ठावं." शेजारच्या मळ्यातला आणला. "ह्येचा तर वाखच कुजलाय." गावातला समदा दोर आमच्या हातचा, त्येंना खोटं पाडणार कोण?

मी आडात उभ्या उभ्या हसले. लगीन होऊन बारा वर्सं झाली व्हती, त्या दिवशी मला नवरा मिळाला.

आन मग एकच ऱ्हायलं, त्येनी दम धरायचा का म्या. ऊन कलंडलं. पाणी छातीला आलं. वर पोरं रडायली, वासरं हंबरायली, कुणाची तरी म्हातारी "पाणी, पाणी" म्हणून बसल्या जागी कण्हायली. मला त्या म्हातारीची दया आली आन पोरांची बी आली. पर माझ्या पोरीची कुणाला आली व्हती? अजून घटकाभर पाटील थांबला असता तर मीच वरडले असते, वर घ्या म्हणून. पाय बधिर झाले व्हते, खोबणीतली बोटं सुटायली. ते त्येला ठावं न्हवतं. त्येच्या घरात त्येची सोताची आई तहानलेली व्हती, एवढंच त्येला ठावं व्हतं.

पागोटं पुन्यांदा दिसलं.

"गजरे. उत्तरेची बाजू तुमची."

"लिंग हातात घिऊन म्हणा. स्वामीच्या समोर."

शिवी आलेली त्येनं गिळली, मला खालनं कळलं. लिंग तळहातावर घेतलं आन म्हणला, "लिंगाची आण. उत्तरेची बाजू मांगवाड्याची."

"समद्या गावाला ऐकू जाऊ द्या."

त्येनं पुन्हा म्हणलं, मोठ्यानं. मग दोर खाली आला. तोच, कच्चा.

वर आले तर उभं ऱ्हाता येईना. ह्येंचा व्हट फाटलेला, पाठीवर वळ. ह्येनी आपलं घोंगडं माझ्यावर टाकलं. पार्वतम्मा कट्ट्यापासनं चार हातांवर व्हती. डोळ्यांत नुसता जाळ. म्हणली, "तुझ्या पायाचं पाणी आता आमी प्यायचं व्हय?"

म्या म्हणलं, "आजवर गाळ कुणाच्या पायानं निघाला, आक्का?"

दुसऱ्या दिवशी सकाळी मी कट्ट्यावर चढले. उत्तरेच्या बाजूनं. घागर सोडली, भरली, वढली. मांगवाड्यातल्या बाया मागं उभ्या, कुणाला खरं वाटंना. आन दक्षिणेची बाजू मोकळी. एक बी बाई आली न्हाय. दुसऱ्या दिवशी न्हाय, तिसऱ्या दिवशी न्हाय. स्वामीनं विभूती टाकलीच न्हाय. पाटलानं शब्द पाळला आन आड टाकला. चिखलाचं पाणी फडक्यानं गाळून प्याले, गाड्या जुंपून तामलवाडीवरनं पिपं आणली, पर ह्या आडाला शिवले न्हाईत. मांगाच्या शेजारी उभं ऱ्हाण्यापरास मेलेलं बरं, असं वाण्याची बायकू मला ऐकू जाईल असं बोलली.

आन नवा आड खणायचा ठरला, पाटलाच्या वाड्यामागं. खणायला कुणाला बोलवलं असंल? आमाला. खरंच. पाटलाचा माणूस आला, "उद्यापासनं खणायला या." ह्येनी त्येला सांगितलं, "आमच्या पायानं आड बाटतो न्हवं? मग कशाला बोलवता." लोण्याचा गोळा त्यो, असं बोलला. मी घरात तोंडावर पदर धरून बसले.

त्येची किंमत मोजून भरली आमी. कामाला बोलवणं बंद. सुगीला खळ्यावर गेलो तर राखणीचं कुत्रं अंगावर सोडलं, दाणा दिला न्हाय. शेरडं बांधावर चारू देईनात. दोर तुळजापूरच्या बाजारातनं आणायले, आमचा घेईनात. मांगवाड्यातलीच माणसं मला बोलायला लागली. शेजारची द्वारकाबाई माझ्या दारात केरसुणी आपटून म्हणली, "तुझ्या एका घागरीपायी आमच्या चुली इझल्या." तिचं बी खरं व्हतं. तीन घरं सोलापूरला गेली. आमी दोराचं ओझं डोक्यावर घिऊन बाजार बाजार हिंडलो, रानातली भाजी खाऊन दिस काढले. पर त्या वर्सी पटकीनं मांगवाड्यात एक बी पोर गेलं न्हाय. ते द्वारकाबाईला दिसत व्हतं. म्हणून शिव्या द्यायची आन पाणी आडातनंच न्यायची.

त्येंचा नवा आड वडारांनी खणला. खाली नुसता खडक. चाळीस हात गेले तवा कुठं पाझर लागला. दिवाळीला गुडघाभर, होळीला वीतभर, आन वैशाखात पुन्हा दगड. आमचा आड नितळ. गाळ काढलेला, आन भरणारी घरं बारा.

त्या वैशाखातली दुपार. मी कट्ट्यावर एकटीच व्हते, घागर नुकती वर घेतलेली. बघते तर पार्वतम्मा यायली. एकटी. डोईवर पदर, काखंत पितळी घागर, सोबत गडी न्हाय, माणूस न्हाय. तामलवाडीची गाडी दोन दिस आली न्हवती, बैल बसले व्हते वाटंत. ती लिंबाखाली आली. चौकोनी दगडावर घागर ठिवली. चार पावलं मागं सरली आन उभी ऱ्हायली. आमी उभं ऱ्हायचो तशी.

"गजरे, वाइच वत."

मला आदी कळंना. म्या म्हणलं, "आक्का, दक्षिणेची बाजू तुमचीच हाय. कुणी घेतली न्हाय तुमची. वर या, दोर हाय, भरून घ्या."

ती हलली न्हाय. तवा माझ्या डोक्यात उजेड पडला. माझ्या शेजारी उभं ऱ्हाऊन दोर वढायचा, त्येच्यापरास माझ्यापुढं भिकारणीसारखं उभं ऱ्हाणं तिला सोपं वाटत व्हतं. कसली माणसं ही.

"शरणम्मा बाळंतीण हाय घरात," ती म्हणली. घाईत तिच्या तोंडात कानडी यायची, पाण्याला नीरू म्हणायची. "सुनंचा घसा सुकला, नीरू नीरू करायली. वत गं."

"माझी लाडी बी करायली व्हती."

तिनं खाली बघितलं. तवा मला कळलं, तिला याद हाय. दोन वर्सं मला वाटत व्हतं ती इसरली असंल. न्हाय, समदं याद व्हतं तिला.

माझ्या शेजारी भरलेली घागर. दोन पावलं गेले असते आन वतली असती तर झालं असतं. आन खरं सांगते, माझ्या जिभंवर आलं व्हतं, "थांब गं, आमचं भरू दे आदी." अगदी व्हटापर्यंत आलं. ते म्या दातात धरलं. मी लई चांगली म्हणून न्हवं. मला तिला रडवायचंच व्हतं. पर म्या वरनं वतलं असतं तर त्यो दगड तितंच ऱ्हायला असता. आज ती उभी ऱ्हायली, उद्या गावाचं दैव फिरलं की पुन्यांदा आमची पोरं त्येच्यापाशी उभी ऱ्हायली असती, घागर घिऊन.

म्हणलं, "मी वतणार न्हाय. म्या आता वरनं कुणाला पाणी वतत न्हाय, आन कुणाकडनं वतून घेत न्हाय. बाळंतिणीला पाजायचं असंल तर वर या."

ती उभी. ऊन मरणाचं. म्या माझी घागर भरली, मग दुसरी भरली. मग हात पुसून कट्ट्यावर बसले, उत्तरेच्या बाजूला, माझ्या बाजूला. किती येळ गेला कुणास ठाऊक. लिंबाची सावली सरकून तिच्या पायावरनं गेली. मग तिनं घागर उचलली आन कट्ट्यावर चढली.

दोर सोडायचं तिला ठावं, पर भरली घागर वढायची सवय न्हवती, तिच्या घरी ते गडीमाणसांचं काम. माझ्या नव्या दोरानं तळवे सोलले तिचे. दोनदा घागर अर्ध्यातनं सुटून खाली गेली. मी हात लावला न्हाय. मला दया आली न्हाय, आन आली असती तरी दोर एकटीनं वढण्यातच तिची लाज शाबूत व्हती. तिसऱ्यांदा घागर वर आली. ती माझ्याकडं न बघता उतरली, लिंबापाशी थांबली, कमरंची पिशवी काढली आन चिमूटभर विभूती पाण्यात टाकली.

"घाला," म्या म्हणलं. "लागंल तेवढी घाला."

दुसऱ्या दिवशी ती पुन्हा आली, सोबत वाण्याची बायकू आन दोघी-तिघी. दक्षिणेच्या बाजूनं चढल्या. माझ्याशी कुणी अवाक्षर बोललं न्हाय, जाताना एकजात विभूती आन तुळस टाकून गेल्या. वाटंत मला बघून थुंकल्या बी. थुंकू द्या. शेजारी उभं ऱ्हाऊनच वढलं ना पाणी.

त्याच सांजंला ह्येनी पहार घेतली आन लिंबाखालचा त्यो चौकोनी दगड उपटला. लई जड, मांगवाड्यातले पाच जण लागले. आणून कट्ट्याच्या उत्तरेला बसवला, घागरी ठिवायला. अजून हाय तितं. जावा, बघा. तहान लागली असंल तर दोर बी हाय, भरून घ्या. मी मातर वतणार न्हाय.